काही नाही, उगाच बोलतायत

आमच्या दुकानात खून डाव्या हाताला होते. आत आलं की उजवीकडे लहान मुलांची कार्टून, मध्ये जपानी मालिका, पार मागे पडदा लावलेली ती खोली, जिथे पुरुष मान खाली घालून शिरायचे आणि तशीच मान खाली घालून बाहेर यायचे. आणि डावीकडे, संडासाच्या दाराला लागून, कोरियन सस्पेन्स. चार कपाटं. सहा वर्षं ती माझी होती.

दुकान डीव्हीडी भाड्याने देण्याचं, जपानात, त्सुकुबात. आता तिथे कुत्र्यांचे केस कापतात. आपल्या मराठी मंडळाच्या अंकात दरवर्षी कोणीतरी डॉक्टरेटवाला आपल्या संशोधनावर लिहितो आणि आपण सगळे आदराने पान उलटतो. यंदा संपादक वहिनी म्हणाल्या, "काटकर, तुम्ही दुकानावर लिहा. कोरियन पिक्चर, खून, प्रेम, काय ते. लोक वाचतील तरी." म्हणून लिहितोय. खून आणि प्रेम दोन्ही येतील. खून फक्त पडद्यावरचे.

मी सोलापूरचा. वडील चादरीच्या कारखान्यात मागावर, आई घरी विड्या वळायची. घराण्यातला पहिला पदवीधर मी. बी. कॉम., फर्स्ट क्लास. कोणी विचारलं नाही तरी मी हे सांगतो, सवय आहे. बायको मृदुला. तिचे वडील प्राध्यापक, आजोबा हेडमास्तर, त्यामुळे तिच्याकडे पदवी म्हणजे दुधाचे दात पडण्यासारखी गोष्ट. ती स्फटिकांवर संशोधन करते. लग्न आमचं आम्हीच ठरवलं. अकरा सालच्या मोठ्या भूकंपाच्या पुढच्या वर्षी तिला इथल्या एका संस्थेत जागा मिळाली आणि मी पतसंस्थेतली नोकरी सोडून तिच्याबरोबर आलो. माझ्या व्हिसावर लिहिलं होतं की मी तिच्यावर अवलंबून आहे. फर्स्ट क्लासवाल्याला ते पचायला जरा जड गेलं.

अशा व्हिसावर आठवड्याला अठ्ठावीस तास काम करता येतं. पहिलं वर्ष मी नगरपालिकेच्या वर्गात जपानी शिकण्यात घालवलं, दुसऱ्या वर्षी दुकानात लागलो. आमची तेन्चो, म्हणजे दुकानाची मॅनेजर, ओनो-सान. पन्नाशीची, बुटकी, जोरात चालणारी बाई. तिने पहिल्या दिवशी मला दोन गोष्टी दाखवल्या.

एक, कपाटांना आडव्या लावलेल्या पट्ट्या. भूकंपाच्या दिवशी दुकानातली झाडून सगळी कपाटं रिकामी झाली होती. डब्या फुटलेल्या, डिस्क जमिनीवर. पुढच्या आठवड्यात सगळ्यांनी मिळून, धक्के चालू असतानाच, हाताला येईल ती डिस्क हाताला येईल त्या डबीत भरली. त्यामुळे पुढे कित्येक वर्षं खुनाच्या डबीत लग्नाचा विनोदी पिक्चर निघायचा. परत आलेली प्रत्येक डबी उघडायची, आतल्या डिस्कवरचं नाव वाचायचं, पुसायची, ओरखडा असला तर घासायच्या यंत्रात घालायची, मगच कपाटात. आमच्या धंद्याचं निम्मं काम हे.

दुसरी गोष्ट, काउंटरवरच्या कॉम्प्युटरचा पडदा. ग्राहकाचं कार्ड यंत्राखाली धरलं किंवा नाव टाकलं की त्याने आजवर काय काय नेलं याची यादी निघते. साखळीतल्या सगळ्या शाखांची.

"काटकर-सान, ही यादी दिसते," ओनो-सान म्हणाली. "दिसते म्हणून बघायची नाही. माणूस काय बघतो हे त्याच्या बायकोलासुद्धा माहीत नसतं. आपल्याला माहीत असतं. म्हणून आपल्याला माहीत नसतं."

हे मी पाळलं. मृदुलाच्या संस्थेतली बरीच मंडळी आमच्याकडे यायची. एक मोठे प्रोफेसर, त्यांच्याकडे सगळे ज्यांना सेन्सेई म्हणायचे, दर शनिवारी पडद्यामागच्या खोलीतून तीन डिस्क आणायचे आणि मी त्या भूगोलाच्या पुस्तकासारख्या चेहऱ्याने पिशवीत घालायचो. मृदुलाने एकदा खोदून विचारलं, "सांग ना, आमचे सेन्सेई काय नेतात?" मी म्हणालो, "नाही सांगणार." ती चिडली नाही. उलट तिने ते चार जणांत सांगितलं, की माझा नवरा पोटातलं ओठावर येऊ देत नाही. मी तिच्याबद्दल बढाई मारायची, हा आमच्याकडचा रिवाज. तिने माझ्याबद्दल मारलेली ही पहिली.

कोरियन कपाटं माझ्याकडे आली कारण ती कोणाला नको होती. जपानी दुकानांत एक पद्धत आहे. विकणारा माणूस स्वतःच्या अक्षरात छोटं कार्ड लिहून वस्तूखाली लावतो. पुस्तकाच्या दुकानात, चहाच्या दुकानात, लोणच्याच्यासुद्धा. मी का घेतलं, मला काय आवडलं, दोन-तीन ओळी. लोक ती कार्डं उभ्याने वाचतात आणि त्यावर विश्वास ठेवतात. तर कोरियन सस्पेन्सची कार्डं मी लिहायची, असं ठरलं. लिहायचं तर बघायला हवं. मी बघत सुटलो.

ज्यांनी हे पिक्चर बघितलेले नाहीत त्यांच्यासाठी सांगतो. पहिल्या पंधरा मिनिटांत प्रेत सापडतं. पोलीस चिखलात घसरून पडतात. मग सगळे जेवतात. भर पावसात, शवागाराच्या शेजारी, संशयिताच्या समोर, वाफाळतं काहीतरी खातात. खून कोणी केला हे तासाभरात कळतं, पण का केला हे शेवटच्या दहा मिनिटांपर्यंत कळत नाही, आणि ते कळलं की आपण खुर्चीत खचतो. कारण तळाशी बहुतेक वेळा प्रेम असतं. कोणीतरी कोणाला तरी वाचवायला गेलेलं असतं, किंवा कोणाची तरी वाट बघून बघून कुजलेलं असतं. मी एक नियम काढला होता आणि गिऱ्हाइकांना ऐटीत सांगायचो: जो माणूस गरजेपेक्षा जास्त काळजी घेतो, त्याच्यावर डोळा ठेवा.

गिऱ्हाइकं पण एकेक. एक निवृत्त पोलीस होते. डिस्क परत करताना बरोबर कागद द्यायचे, तपासात झालेल्या चुका क्रमवार. "पान खाल्लेल्या हातांनी धरला त्याने पुरावा," अशा अर्थाचं काहीतरी जपानीत म्हणायचे आणि पुढचा भाग घेऊन जायचे. एक कामेदा आजी. पंचाहत्तरीच्या, सायकलवर यायच्या. त्यांना खुनाशी देणंघेणं नव्हतं. मी विचारलं, आजी, मग सस्पेन्स कशाला? तिकडे प्रेमकथा आहेत. तर म्हणाल्या, "प्रेमकथेत पुरुष छान दिसायला रडतो. यात त्याला खरंच रडू येतं. माझा नवरा चाळीस वर्षं काही बोलला नाही. मला ऐकायचं असतं, बोलला असता तर काय बोलला असता."

मी हसलो होतो. ती ओळ मी कार्डावर वापरलीसुद्धा. कळली नव्हती मात्र.

शुक्रवारी संध्याकाळी मी एक डिस्क घरी न्यायचो. मृदुलाचं काम सगळं इंग्रजीत, तिला जपानी सबटायटल वाचता यायचं नाही. मला यायचं. हे वाक्य मी पुन्हा लिहू का? तिला यायचं नाही आणि मला यायचं. घरात ही एकच जागा अशी होती. जेवण झालं की मी सोफ्याच्या डाव्या टोकाला, ती उजव्या, आणि मी पडद्यावरचं वाचून मराठीत सांगत जायचो. "तो म्हणतो, सुरी कुठेय. ती म्हणते, मला काय माहीत. खोटं बोलतेय बघ." मध्येच पिक्चर थांबवून ती खुनी ओळखायची. दर वेळी चुकायची. इतके शोधनिबंध लिहिलेली बाई दर शुक्रवारी चुकायची, आणि मी म्हणायचो, "मॅडम, निरीक्षण कमी पडतं तुमचं." आठवडाभर मला ते पुरायचं.

मग हान-सान आला.

तिच्या विभागात कोरियाहून आलेला, आमच्यापेक्षा चार-पाच वर्षांनी लहान, उंच, चष्मा. मृदुलाने त्याला रविवारी जेवायला बोलावलं. म्हणाली, "एकटा असतो, दुकानातला भात खातो रोज." मी शेंगदाण्याची चटणी आणि ठेचा केला होता. परदेशी माणसाला ठेचा वाढताना मला एक दुष्ट आनंद होतो. हा पठ्ठ्या घाम पुसत दोनदा मागून घेऊन जेवला.

"हे आमच्याकडच्यासारखं आहे," म्हणाला. "खाताना रडू येतं, मग बरं वाटतं."

मृदुला हसली. मी तिला दहा वर्षं ओळखत होतो. हे हसू मी याआधी ऐकलं होतं, पण माझ्या वाक्यांना.

मग मी कोरियन पिक्चरवर बोललो. माझा विषय. काळजी घेणाऱ्या माणसाचा नियम सांगितला. हान-सानने आदराने ऐकून घेतलं आणि म्हणाला, "असं जपानी सबटायटलमधून वाटत असेल. मूळ भाषेत ते लोक काळजी करत नाहीत, भीक मागत असतात."

"म्हणजे?" मृदुला पुढे सरकली.

"म्हणजे, राहा. जाऊ नकोस. तेच म्हणत असतात सारखे. वेगवेगळ्या तऱ्हेने."

माझ्याकडे त्सुकुबात दोनच गोष्टी होत्या. एक बायको आणि एक संडासाशेजारचं कपाट. त्या रविवारी एक माणूस माझ्याच ताटात जेवून दोन्हींवर हात ठेवून गेला. भांडी घासताना मी म्हणालो, "शहाणा आहे." मृदुला म्हणाली, "आहेच." मी जे म्हणालो होतो ते तिने ऐकलंच नव्हतं.

त्यानंतर घरात त्याचं नाव मीठ असल्यासारखं सगळ्यात पडायला लागलं. हान-सान म्हणतो, हान-सानने दाखवलं, हान-सान असता तर हसला असता. मी दुकानात गेलो आणि नव्या तऱ्हेची कार्डं लिहायला लागलो.

पहिलं असं होतं: "शेजारी बसून दुसऱ्याच्या बायकोला हसवणारा माणूस. दीड तासाने त्याचं काय होतं, बघा." दुसरं: "तो जेवायला आला. ठेचा आवडला म्हणाला. घरातली पहिली वस्तू चोरीला गेली ती हीच." ठेच्याच्या जागी जपानीत मी तिखट लोणचं लिहिलं होतं. ओनो-सानने दोन्ही कार्डं चष्मा वर करून वाचली.

"काटकर-सान, इतके दिवस तुम्ही गोष्ट सांगत होता. आता कोणाचा तरी गळा धरल्यासारखं वाटतं." मग चष्मा खाली घेऊन, "फार छान आहे."

मत्सराला धंद्यात किंमत आहे हे मला तेव्हा कळलं. डिस्क कपाटात टिकेनात. कामेदा आजींनी एक कार्ड वहीत उतरवून घेतलं. ओनो-सानने फोटो काढून बाकीच्या शाखांना पाठवले आणि स्टेशनजवळच्या शाखेने माझं अक्षर जसंच्या तसं गिरवून लावलं. माझ्या आयुष्यात मला इतकी शाबासकी मिळाली नव्हती. ज्याच्यामुळे मिळत होती त्याचा मी रोज सकाळी दात घासताना खून करत होतो.

आणि मग तो शुक्रवार. पिक्चर साधा होता, एक पोलीस, एक विधवा, तिच्यावर संशय. मधल्या एका प्रसंगात तो तिला घरी सोडायला येतो आणि जिन्यात काहीतरी बोलतो. लांब वाक्य होतं. मी अजून वाचत होतो, तोंड उघडलं नव्हतं, आणि शेजारी मृदुलाच्या घशातून एक छोटासा आवाज आला. बघितलं तर डोळे भरलेले.

"काय म्हणाला?" तिने विचारलं. जरा उशिरा विचारलं.

"काही नाही," मी म्हणालो. "निघतो म्हणतोय."

खुनी कोण हे तिने त्या दिवशी ओळखायचा प्रयत्नच केला नाही. मी मात्र केला. मी सांगण्याआधी तिला कळलं होतं. म्हणजे तिला कोरियन कळत होतं. सगळं नाही, पण तेवढं. जिन्यातलं. जिन्यात काय बोलतात ते ती शिकली होती, आणि ते शिकवणारा माणूस त्सुकुबात एकच होता.

मंगळवारी दुपारी दुकान रिकामं होतं. ओनो-सान मागच्या खोलीत. मी पडद्यावर हान-सानचं नाव टाकलं.

पतसंस्थेत खातं उघडून बघावं तितक्या सहज बघितलं, हेच आज वाईट वाटतं. यादी स्टेशनच्या शाखेची होती. आम्ही शुक्रवारी घरी जो पिक्चर बघायचो, तोच पिक्चर त्याने लगेचच्या रविवारी नेला होता. प्रत्येक आठवड्याला. पाच महिने. एकही चुकला नव्हता. परत केल्याची वेळ दर सोमवारी संध्याकाळची.

तपास पूर्ण झाला होता. माझ्या कपाटातल्या कुठल्याही इन्स्पेक्टरला एवढा स्वच्छ पुरावा मिळाला नव्हता.

त्या संध्याकाळी मी पोळ्या केल्या, भाजी केली, ताटं वाढली. ती जेवायला बसली आणि मी एकेक पिक्चरचं नाव घ्यायला सुरुवात केली. तारखेसकट. पहिल्या नावाला तिने वर बघितलं. चौथ्या नावाला घास खाली ठेवला. मी म्हणालो, "रविवारी नेतो, सोमवारी परत करतो. सोमवारी दुपारी काय असतं, मृदुला?"

मला वाटलं ती गडबडेल. ती शांतपणे म्हणाली, "हे तुला कसं कळलं?"

चौकशी करणारा मी होतो आणि आरोपीच्या खुर्चीवर कधी जाऊन बसलो ते कळलंच नाही.

"तू त्याची यादी बघितलीस," ती म्हणाली. "सेन्सेईंची नाही सांगितलीस मला. किती वेळा विचारलं, थट्टेत विचारलं, तरी नाही. मी सगळ्यांना सांगायचे रे ते. माझी बघितलीस का?"

"नाही."

"बघायची होतीस. रिकामी आहे. किंवा सरळ मला विचारायचं होतंस. मी शेजारी बसते तुझ्या."

मग ती उठली, बॅगेतून प्रयोगशाळेची वही काढली, मागून उघडून माझ्या ताटाशेजारी ठेवली. "वाच. तुला वाचता येतं ना."

ती शास्त्रज्ञ आहे. पानावर तीन रकाने होते. पहिल्यात वेळ, तास-मिनिट-सेकंद. दुसऱ्याच्या डोक्यावर लिहिलं होतं, "विठ्ठलने सांगितलं." विठ्ठल मी. तिसऱ्यावर, "खरं."

"विठ्ठलने सांगितलं: जेवलीस का विचारतोय. खरं: जेवली असशील तर खोटं सांग, म्हणजे मला थांबता येईल."

"विठ्ठलने सांगितलं: निघतो म्हणतोय. खरं: तू दार लावलंस की मी इथे जिन्यात थोडा वेळ उभा असतो. आत दिवा लागला की मग जातो."

"विठ्ठलने सांगितलं: काही नाही, उगाच बोलतायत. खरं: सगळं गाव म्हणू दे मी मारलं. तू म्हणू नकोस. तू म्हणालीस तर मलाच खरं वाटेल."

अशी अकरा पानं. दुसऱ्या रकान्यात "काही नाही" इतक्या वेळा होतं की पुढे पुढे तिने नुसत्या 'वरीलप्रमाणे'च्या खुणा केल्या होत्या.

"सुरी कुठे, रक्त कुठे, फोन कोणी केला, सगळं सांगतोस," ती म्हणाली. "दोघं बोलायला लागले की तुझी बॅटरी संपते. ती बाई पडद्यावर हमसून रडतेय आणि तू सांगतोस काही नाही. मला कळायचं की काहीतरी आहे. तुला विचारलं तर चिडायचास. म्हणून सोमवारी डबा खाताना लॅपटॉपवर तेवढेच प्रसंग त्याला विचारायचे. डिस्क तुझ्या दुकानातून आणली असती तर तुला कळलं असतं, म्हणून तो तिकडून आणायचा."

खरं तर मला ती वाक्यं नीट वाचता यायची. जपानीत वाचली की छातीत कळायचीसुद्धा. मराठीत तोंडातून बाहेर येत नसत. आमच्या घरात वडील रात्रपाळीहून आले की आई विचारायची, जेवणार का. आणि वडील म्हणायचे, वाढ. प्रेम तेवढंच ऐकलेलं. मी घराण्यात पहिल्यांदा बॅलन्सशीट शिकलो, जपानी शिकलो. त्या "वाढ"च्या पुढचं शिकवणारं कोणी नव्हतं, आणि प्राध्यापकांच्या मुलीसमोर अडखळत म्हणायची मला लाज वाटायची.

तिला हे मी त्या दिवशी सांगितलं नाही. मी म्हणालो, "मग आता?"

"आता तू तुझ्या तेन्चोला सांग काय केलंस ते. आणि हानला सांग. मग बघू."

"आणि शुक्रवार?"

"मग बघू म्हणाले ना."

ओनो-सानला मी दुसऱ्याच दिवशी सांगितलं. कमरेत वाकून सांगितलं, तसं वाकायला मी तिथेच शिकलो. तिने हातातली डिस्क पुसून डबीत ठेवली. मग म्हणाली, "ती कार्डं त्या माणसावर होती?" मी हो म्हणालो. ती म्हणाली, "तरीच." तिने मला काढलं नाही. पण सहा महिने काउंटर बंद, पडद्याला हात नाही, मागच्या खोलीत डिस्क घासायच्या. आणि माझी सगळी कार्डं उतरवली. स्टेशनच्या शाखेला फोन करून तिकडचीसुद्धा.

मागच्या खोलीत एका दुपारी मला भूकंपाची एक डबी सापडली. वर रक्ताळलेला हात, आत मधुचंद्राचा पिक्चर. आमच्या तपासणीतून ती कशी निसटली देव जाणे, भूकंपापासून लोक ती नेत होते आणि कोणी तक्रार केली नव्हती. कोण काय समजून बघत होतं कोण जाणे. मी डिस्क तिच्या जागी घातली आणि पुढची डबी उघडली.

हान-सानला मी स्टेशनसमोरच्या कॉफीच्या दुकानात भेटलो. माफी मागितली. तो गोंधळला, मग म्हणाला, "तिखट लोणच्याचं कार्ड तुमचं होतं? डिस्क घेताना मी ते वाचलं होतं. वाटलं, लिहिणारा माणूस फार दुखावलेला असणार." मी म्हणालो, होता. आम्ही दोघं हसलो. मला वाटलं, संपलं.

कप रिकामा झाल्यावर तो कपाकडेच बघत म्हणाला, "काटकर-सान, तुम्ही खरं सांगितलंत म्हणून मीही सांगतो. पहिले काही आठवडे मी फक्त अर्थ सांगत होतो. नंतर मी सोमवारची वाट बघायला लागलो."

बस एवढंच. तिने काही केलेलं नव्हतं, त्यानेही नाही. पण माझा नियम बरोबर होता. मार्चमध्ये त्याला कोबेला नोकरी मिळाली आणि तो गेला. निरोपाच्या जेवणाला त्याने ठेचा मागितला. मी केला. जास्त तिखट केला.

मृदुलाने विचारलं होतं, "काय म्हणाला हान? तू सांगितल्यावर?"

मी म्हणालो, "काही नाही."

शुक्रवार परत सुरू व्हायला पाच महिने लागले. त्या दिवशी तिनेच डिस्क निवडली, जिन्यातली. सोफ्याच्या उजव्या टोकाला बसली. तो प्रसंग आला. मी वाचलं. "तू दार लावलंस की," म्हणालो आणि तिथेच अडलो. तिने पिक्चर थांबवला नाही. पडद्यावरचा माणूस जिना उतरून गेला, गाडीत बसला, पुढचं प्रेत सापडलं, तेव्हा कुठे माझं वाक्य पूर्ण झालं: "आत दिवा लागला की मग जातो." ती म्हणाली, "हं." तेव्हापासून मी काही गाळत नाही. अडखळतो, उशीर होतो, कधी प्रेम संपून खून सुरू झालेला असतो. पण सांगतो. खुनी ती अजूनही चुकीचाच ओळखते.

दुकान बंद झालं त्यालाही आता वर्षं झाली. लोक फोनवर बघायला लागले. शेवटच्या आठवड्यात कामेदा आजी येऊन रिकाम्या कपाटाला नमस्कार करून गेल्या. ओनो-सानने माझी उतरवलेली कार्डं जपून ठेवली होती, ती एका पाकिटात घालून दिली. आणि मी वहिनींना हो म्हणालो तेव्हा ठरवलं होतं की कपाटांबद्दल लिहायचं, हान-सानच्या सोमवारबद्दल नाही. लिहिता लिहिता ते आलं. सहा वर्षं मी एक ओळ गाळून बसलो होतो आणि गाळण्याचं कारण जुनंच, मला तिला ती द्यायची नव्हती. एका माणसाला ती आवडली होती हे तिला कळलं, तर ती क्षणभर तरी सुखावेल. तो क्षण मला माझ्या घरात नको होता.

माझं शुद्धलेखन कच्चं आहे, म्हणून छापायला जाणारं सगळं मृदुला आधी तपासते. इथपर्यंतचा लेख काल तिला दिला. आज सकाळी ती संस्थेत गेल्यावर टेबलावर मिळाला. र्‍हस्व-दीर्घाच्या सव्वीस चुका पेन्सिलीने सुधारल्या आहेत. सोमवारच्या ओळीशेजारी तिने समासात दोन उभ्या रेघा मारून तिच्या वहीतल्यासारखे रकाने पाडलेत. पहिला, वेळेचा, रिकामा. दुसऱ्यात: "विठ्ठलने सांगितलं: काही नाही." तिसऱ्यात: "खरं: मला माहीत होतं."

कधीपासून, ते लिहिलेलं नाही.

आज शुक्रवार आहे. या वेळी यादी बघणार नाही. ती सहाला येते. विचारणार आहे.